खटल्याआधीच फौजदारी प्रकरण कसे संपते : दोषमुक्ती, एफआयआर रद्द करणे आणि इतर मार्ग

पोलीस ठाण्यात गुन्हा नोंदवला गेला की साक्षी, उलटतपासणी, युक्तिवाद आणि निकाल एवढी सगळी वाट चालल्याशिवाय सुटका नाही, असा बहुतेकांचा समज असतो. कायदा तसे म्हणत नाही. तपास चालू असताना, दोषारोपपत्र दाखल झाल्यावर किंवा आरोपनिश्चितीच्या, म्हणजे न्यायालय आरोप ठरवून खटला सुरू करते त्या, तारखेला प्रकरण तेथेच थांबवण्याचा अधिकार न्यायालयांना आहे; मात्र प्रत्येक टप्प्यावर हा अधिकार वेगळ्या न्यायालयाकडे असतो, त्याची कसोटी वेगळी असते आणि आता काही ठिकाणी त्याला मुदतही आहे. त्यामुळे आपले प्रकरण आज कोणत्या टप्प्यावर उभे आहे, हे आधी नेमके ठरवावे आणि मगच कोणता अर्ज करायचा ते ठरवावे.

१ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहिता, १९७३ च्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, २०२३ लागू झाली. त्या दिवशी ज्या प्रकरणांचा तपास, चौकशी किंवा खटला प्रलंबित होता, ती जुन्या संहितेप्रमाणेच चालतात. म्हणून २०२२ सालच्या गुन्ह्यात दोषमुक्तीचा, म्हणजे पुरेसा आधार नसल्याने खटल्याआधीच आरोपातून मोकळे करण्याचा, अर्ज करताना जुनी कलमे पाहावी लागतात आणि २०२५ सालच्या गुन्ह्यात नवी. येथे एक सावधगिरी आवर्जून बाळगावी. जुन्या संहितेतील कलम ४८२ म्हणजे उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार (न्यायासाठी कामकाज रद्द करण्यासारखे आदेश देण्याचा मूळचा अधिकार) आणि कलम ४३८ म्हणजे अटकपूर्व जामीन. नव्या संहितेत अटकपूर्व जामीन कलम ४८२ मध्ये आला आहे, कलम ४३८ मध्ये पुनरीक्षण (खालच्या न्यायालयाचा आदेश वरच्या न्यायालयाने तपासणे) आले आहे आणि उच्च न्यायालयाचा अंगभूत अधिकार कलम ५२८ मध्ये गेला आहे. जुने निवाडे वाचताना आणि वकिलांशी बोलताना या क्रमांकांची गल्लत सहज होते. पुढे कायद्याचे नाव न घेता आलेली कलमे या नव्या संहितेची आहेत.

पहिले काम : कागद हाती घेणे

एफआयआरची प्रत आरोपीला मिळू शकते. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१६ च्या आदेशानुसार, लैंगिक गुन्हे, दहशतवाद यांसारखी संवेदनशील प्रकरणे वगळता, एफआयआर संकेतस्थळावर टाकणे पोलिसांवर बंधनकारक आहे. दोषारोपपत्र दाखल झाल्यावर आरोपी हजर झाला की कलम २३० प्रमाणे १४ दिवसांच्या आत त्याला सर्व कागदांच्या प्रती द्याव्या लागतात. प्रत घेताना पृष्ठांचे क्रमांक तपासावेत, जे जबाब किंवा पंचनामे वाचता येत नाहीत त्यांच्याबद्दल लगेच लेखी अर्ज द्यावा आणि कोणत्या तारखेला प्रती मिळाल्या याची नोंद रोजनाम्यात (न्यायालयाच्या तारखांच्या नोंदीत) झाली आहे ना, ते पाहावे. या तारखेला आता फार महत्त्व आले आहे, त्याचे कारण पुढे येईल.

कागद वाचण्याची रीत एकच आहे आणि ती मनाला जड जाते : त्यातला प्रत्येक शब्द खरा आहे असे घटकाभर धरून चालायचे. 'हे सगळे खोटे आहे' ही आरोपीची पहिली भावना असते आणि ती खरीही असू शकते. पण खोटे कोण बोलतो हे ठरवण्याची जागा साक्षीपुराव्यात आहे. खटल्याआधी न्यायालय फक्त एवढेच विचारते की, फिर्यादीचे म्हणणे जसेच्या तसे मान्य केले तरी लावलेल्या कलमाचे सर्व घटक त्यातून उभे राहतात का. एखादा घटक गळत असेल, तर अर्जाला बळ आहे. सगळे घटक कागदावर उभे असतील आणि आपले म्हणणे एवढेच असेल की साक्षीदार वैरातून बोलत आहेत, तर बहुतेक वेळा खटल्याची तयारी करणे हाच मार्ग उरतो.

एक काल्पनिक उदाहरण जवळून पाहू. तालुक्याच्या गावात एकाने दुसऱ्याला दोन गुंठ्यांचा प्लॉट विकायचे ठरवले, इसार पावती झाली, पाच लाख रुपये दिले गेले, ठरलेल्या मुदतीत खरेदीखत झाले नाही आणि पैसेही परत मिळाले नाहीत. फिर्याद होते आणि भारतीय दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेचे कलम ३१८, म्हणजे फसवणूक, आणि कलम ३१६, म्हणजे गुन्हेगारी विश्वासघात, अशी दोन्ही कलमे लागतात. आता जबाब वाचायला घ्यावा. फसवणुकीसाठी पैसे घेतानाच फसवण्याचा इरादा असावा लागतो. जबाबात 'मी वेळोवेळी मागणी केली असता त्याने टाळाटाळ केली' एवढेच असेल, तर ते करार मोडल्याचे वर्णन आहे. त्यावर विशिष्ट अंमलबजावणीचा किंवा रक्कम वसुलीचा दिवाणी दावा लागतो. पण त्याच जबाबात असे आले की, इसार घेण्यापूर्वीच तो प्लॉट तिसऱ्याला विकलेला होता आणि सातबाऱ्यावर किंवा मिळकत पत्रिकेवर त्याची नोंद होती, तर इरादा पहिल्या दिवसापासून दिसतो आणि प्रकरण सहजासहजी संपणार नाही. दोन्ही कलमे एकत्र लावण्याबद्दलही आक्षेप घेता येतो : एकाच व्यवहारात सुरुवातीपासूनचा कपटी इरादा आणि विश्वासाने सोपवलेल्या मालमत्तेचा नंतरचा अपहार हे दोन्ही एकाच वेळी संभवत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये दिल्ली रेस क्लबच्या प्रकरणात स्पष्ट सांगितले आहे. दिवाणी वादाला फौजदारी कपडे चढवण्याच्या प्रवृत्तीवर तर २००६ च्या इंडियन ऑईल प्रकरणापासून न्यायालये सतत बोट ठेवत आली आहेत.

तपासाच्या टप्प्यावर

दोषारोपपत्र येण्याआधी सत्र न्यायालय किंवा न्यायदंडाधिकारी एफआयआर रद्द करू शकत नाहीत. तो अधिकार उच्च न्यायालयाचा, कलम ५२८ आणि संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली. मुंबई उच्च न्यायालयात एफआयआर रद्द करण्याचे अर्ज साधारणपणे दोन न्यायाधीशांच्या खंडपीठापुढे जातात. मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोवा येथील पीठांच्या जोडीला १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच सुरू झाले असून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणे तेथे चालतात. या जिल्ह्यांतील पक्षकारांना आता मुंबईची फेरी मारावी लागत नाही, ही मोठीच सोय झाली आहे.

कसोटी हरियाणा राज्य विरुद्ध भजनलाल या निवाड्यातली. त्यात सात प्रकारच्या परिस्थिती सांगितल्या आहेत. व्यवहारात त्यांतल्या चार वारंवार उपयोगी पडतात : आरोप जसेच्या तसे धरले तरी गुन्हाच होत नाही; आरोप इतके असंभाव्य आहेत की कोणताही समंजस माणूस त्यावर कारवाईचा विचार करणार नाही; कायद्यानेच कारवाईला स्पष्ट मनाई आहे; किंवा कारवाई उघडपणे सूडबुद्धीने चालवलेली आहे. या निवाड्याचा हवाला देणाऱ्यांनी एक गोष्ट लक्षात ठेवावी. त्या प्रकरणात उच्च न्यायालयाने एफआयआर रद्द केला होता आणि सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश फिरवला. तपास तेवढा रद्द झाला, तोही तपास करणाऱ्या अधिकाऱ्याला योग्य अधिकार दिलेला नव्हता या कारणाने. म्हणजे ज्या निवाड्याच्या आधारे देशभर एफआयआर रद्द करून मागितले जातात, त्याच निवाड्याने हा अधिकार क्वचित आणि जपून वापरावा असे बजावले आहे. 'नीहारिका इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या २०२१ च्या निवाड्याने तर पुढे जाऊन सांगितले की, अर्ज प्रलंबित आहे म्हणून 'सक्तीची कारवाई करू नये' असा सरसकट आदेश उच्च न्यायालयाने देऊ नये आणि द्यायचाच तर कारणे नोंदवावीत. अटकेची भीती असेल, तर अटकपूर्व जामिनाचा अर्ज स्वतंत्रपणे करावा. एफआयआर रद्द करण्याच्या अर्जाने ते काम भागत नाही.

अर्ज प्रलंबित असताना दोषारोपपत्र दाखल झाले, तर अर्ज निरर्थक ठरत नाही. आनंदकुमार मोहट्टा प्रकरणात २०१८ मध्ये हे निश्चित झाले आहे. मात्र अर्जात दुरुस्ती करून दोषारोपपत्रालाही आव्हान द्यावे, नाहीतर सुनावणीच्या दिवशी त्या मुद्द्यावरच तारीख पडते.

पोलिसांनाच तपासात काही आढळले नाही, तर महाराष्ट्रात आणि गोव्यात समरी अहवाल, म्हणजे प्रकरण बंद करण्याचा अहवाल, न्यायदंडाधिकाऱ्यांकडे जातो. 'अ' समरी म्हणजे गुन्हा खरा, पण छडा लागत नाही. 'ब' समरी म्हणजे फिर्याद खोटी आणि खोडसाळ. 'क' समरी म्हणजे गैरसमजातून झालेली किंवा दिवाणी स्वरूपाची तक्रार. आरोपीचा जीव येथे भांड्यात पडतो, पण तो अहवाल न्यायदंडाधिकाऱ्यांनी स्वीकारेपर्यंत प्रकरण संपलेले नसते. १९८५ च्या भगवंत सिंग निवाड्यानुसार फिर्यादीला नोटीस देऊन त्याचे म्हणणे ऐकावे लागते; न्यायदंडाधिकारी अहवाल नाकारून पुढील तपासाचा आदेश देऊ शकतात किंवा थेट दखलही घेऊ शकतात, म्हणजे त्या गुन्ह्यावर कामकाज सुरू करू शकतात.

खासगी फिर्यादीत, म्हणजे पोलिसांऐवजी थेट न्यायालयात केलेल्या तक्रारीत, नव्या कायद्याने आरोपीला एक मोलाची संधी दिली आहे. कलम २२३ प्रमाणे दखल घेण्यापूर्वी आरोपीला ऐकणे आवश्यक आहे. पूर्वी समन्स हातात पडेपर्यंत आरोपीला प्रकरणाचा पत्ताही नसे. अशी नोटीस आली, तर ती साधी तारीख समजून सोडून देऊ नये. फिर्यादीत आधार नसल्यास कलम २२६ खाली ती तेथेच फेटाळली जाऊ शकते. एकदा समन्सचा आदेश झाला की, तो आदेश त्याच न्यायदंडाधिकाऱ्यांना मागे घेता येत नाही, हे अदालत प्रसाद प्रकरणात २००४ मध्ये ठरले आहे. मग वरच्या न्यायालयातच जावे लागते.

दोषारोपपत्रानंतर : दोषमुक्तीचा अर्ज

माझ्या मते सर्वांत दुर्लक्षित आणि सर्वांत उपयुक्त मार्ग हाच आहे. लोक उच्च न्यायालयात जाण्याची घाई करतात, तेथे अर्ज फेटाळला जातो आणि त्या आदेशातली 'प्रथमदर्शनी गुन्हा दिसतो' ही ओळ पुढे सरकारी वकील प्रत्येक तारखेला वाचून दाखवतात. ज्या प्रकरणात जबाब, पंचनामे आणि रासायनिक विश्लेषणाचा अहवाल एकमेकांशी ताडून पाहावे लागतात, तेथे मूळ न्यायालयात दोषमुक्तीचा अर्ज करणे अधिक सयुक्तिक असते, कारण ते सगळे कागद त्या न्यायालयासमोर असतात आणि ते पाहूनच निर्णय द्यायचा असतो.

सत्र न्यायालयात चालणाऱ्या प्रकरणांसाठी कलम २५०, पोलिसांच्या दोषारोपपत्रावरील वॉरंट खटल्यांसाठी (दोन वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्यांचे खटले) कलम २६२ आणि खासगी फिर्यादीवरील वॉरंट खटल्यांसाठी कलम २६८ आहे. पहिल्या दोहोंना नव्या संहितेने ६० दिवसांची मुदत घातली : सत्र प्रकरणात कमिटलच्या, म्हणजे प्रकरण सत्र न्यायालयाकडे सोपवल्याच्या तारखेपासून आणि न्यायदंडाधिकाऱ्यांकडील प्रकरणात कागदांच्या प्रती मिळाल्याच्या तारखेपासून. जुन्या संहितेत अशी मुदत नव्हती आणि अर्ज वर्षानुवर्षे रेंगाळत. आता प्रती हातात आल्या, त्याच आठवड्यात वाचन सुरू करावे. मुदत टळली, तरी आरोपनिश्चितीपूर्वी कागद विचारात घेऊन, आधार नसेल तर कारणे नोंदवून दोषमुक्त करणे हे न्यायाधीशांचे स्वतःचे कर्तव्य आहे आणि त्या वेळी तोंडी युक्तिवाद करता येतो; पण या आशेवर मुदत घालवू नये.

कसोटी १९७९ च्या प्रफुल्लकुमार सामल निवाड्यातली आहे. न्यायाधीशांनी टपाल कचेरीसारखे आलेले कागद नुसते पुढे ढकलायचे नसतात. त्यांची मर्यादित छाननी करायची असते. कागदांतून गंभीर संशय निर्माण होत असेल, तर आरोप निश्चित होतो. दोन निष्कर्ष सारखेच संभवत असतील आणि उरणारा संशय गंभीर नसेल, तर आरोपीला दोषमुक्त करता येते. शिक्षा होईल की नाही, हे या टप्प्यावर पाहायचे नसते.

अर्जात काय घालू नये, हे काय घालावे याइतकेच महत्त्वाचे आहे. २००४ च्या अखेरीस देबेंद्रनाथ पाढी प्रकरणात तीन न्यायाधीशांनी ठरवले की, या टप्प्यावर आरोपीने आणलेले कागद विचारात घेता येत नाहीत. त्यामुळे 'मी त्या दिवशी गावात नव्हतो' याची तिकिटे, सीसीटीव्हीचे चित्रण, शेजाऱ्यांची प्रतिज्ञापत्रे यांचा गठ्ठा जोडून उपयोग होत नाही. उलट आपला बचाव आधीच उघडा पडतो. अपवाद आहे, पण तो बारीक आहे : अत्यंत विश्वासार्ह दर्जाचा आणि निर्णायक पुरावा तपास अधिकाऱ्याने मिळवूनही दोषारोपपत्रातून वगळला असेल, तर न्यायालय तो मागवू शकते, असे २०१७ च्या नित्य धर्मानंद प्रकरणात म्हटले आहे. आपल्याकडे निर्विवाद सरकारी किंवा बँकेचा दस्तऐवज असेल आणि त्यावरच सगळा भर असेल, तर मात्र उच्च न्यायालयाचा मार्ग बरा, कारण २०१३ च्या राजीव थापर निवाड्याने तेथे अशा कागदांचा विचार करण्याची मुभा दिली आहे.

मग अर्जात घालायचे काय? पोलिसांचेच कागद. प्रत्येक कलमाचे घटक मांडून, कोणत्या साक्षीदाराच्या कोणत्या जबाबात कोणता घटक येतो किंवा येत नाही, हे पृष्ठक्रमांकासह दाखवावे. अनेक आरोपी असतील, तर आपले नाव एकूण किती ठिकाणी आले आहे ते शोधावे. कौटुंबिक छळाच्या गुन्ह्यात, भारतीय दंड संहितेच्या कलम ४९८-अ किंवा भारतीय न्याय संहितेच्या कलम ८५ खाली, पतीच्या सर्व नातेवाइकांची नावे 'सर्वांनी मिळून त्रास दिला' या एका वाक्यात आलेली असतात; परगावी राहणाऱ्या नणंदेवर तारीख, जागा किंवा विशिष्ट कृती नसेल, तर कहकशां कौसर या २०२२ च्या निवाड्याचा आधार मिळतो. याचा अर्थ छळ झालाच नाही असा नव्हे. ज्याने छळ केल्याचे तपशील आहेत, त्याच्यावर खटला चालावा आणि ज्याच्याविरुद्ध नाव सोडून काहीच नाही, त्याला त्यात ओढू नये, एवढाच अर्थ आहे. तसेच, सहआरोपीने पोलिसांपुढे दिलेली कबुली हाच एकमेव धागा असेल, तर ती पुराव्यात ग्राह्य नाही आणि केवळ तिच्यावर आरोप निश्चित करता येत नाही. दीपकभाई पटेल प्रकरणात २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कारणाने आरोपीला मोकळे केले. मोक्का (संघटित गुन्हेगारीविरुद्धचा महाराष्ट्राचा कायदा) लागू असेल, तर मात्र हा मुद्दा तसाच्या तसा चालत नाही, कारण त्या कायद्याच्या कलम १८ प्रमाणे पोलीस अधीक्षक किंवा त्यावरील दर्जाच्या अधिकाऱ्यापुढची कबुली ग्राह्य ठरू शकते.

समन्स खटल्यांत, म्हणजे दोन वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या खटल्यांत, जुन्या संहितेत दोषमुक्तीची तरतूद नव्हती; नव्या संहितेच्या कलम २७४ प्रमाणे आरोप निराधार वाटल्यास न्यायदंडाधिकारी कारणे नोंदवून आरोपीला सोडतात आणि त्याचा परिणाम दोषमुक्तीचा होतो. पोलिसांच्या प्रकरणात कलम २८१ खाली कामकाज थांबवण्याचा अधिकार न्यायदंडाधिकाऱ्यांना आहे, पण खासगी फिर्यादीला ते कलम लागू होत नाही. म्हणून जुन्या संहितेप्रमाणे चालणाऱ्या, धनादेश न वटल्याच्या, म्हणजे चलनक्षम दस्तऐवज कायद्याच्या कलम १३८ च्या प्रकरणात दोषमुक्तीचा अर्ज करून वेळ दवडू नये.

कायद्यानेच अडवलेली प्रकरणे

काही आक्षेप पुराव्यात न शिरता घेता येतात. एक वर्षापर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्याची दखल एका वर्षानंतर आणि त्याहून जास्त पण तीन वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्याची दखल तीन वर्षांनंतर घेता येत नाही, असे कलम ५१४ सांगते. विलंब माफ करण्याचा अधिकार न्यायालयाला आहे. मुदत मोजताना न्यायालयाने दखल कधी घेतली हे न पाहता फिर्याद कधी दाखल झाली हे पाहतात. कर्तव्य बजावताना केलेल्या कृतीबद्दल लोकसेवकावर खटला चालवायला कलम २१८ ची पूर्वपरवानगी लागते. नव्या तरतुदीनुसार सरकारने १२० दिवसांत निर्णय दिला नाही, तर परवानगी दिली असे मानले जाते, त्यामुळे 'परवानगीच नाही' हा आक्षेप घेण्यापूर्वी त्या तारखा तपासाव्यात. लोकसेवकाच्या आदेशाच्या अवज्ञेसारख्या गुन्ह्यांत कलम २१५ प्रमाणे त्या अधिकाऱ्याची लेखी फिर्याद नसेल, तर न्यायालयाला दखलच घेता येत नाही.

तडजोड आणि सरकारने खटला मागे घेणे

कलम ३५९ च्या यादीतील गुन्हे आपसांत मिटवता येतात आणि त्याचा परिणाम निर्दोष सुटकेचा होतो. यादीबाहेरच्या गुन्ह्यात तडजोड झाली, तर २०१२ च्या ग्यान सिंग निवाड्याच्या आधारे उच्च न्यायालयाकडे जावे लागते. वैवाहिक, आर्थिक, शेजारीपाजारीचे वाद तेथे मिटतात. खून, बलात्कार, दरोडा मिटत नाहीत. लहान मुलांवरील लैंगिक अत्याचाराचा गुन्हा पालकांच्या संमतीने मिटवता येणार नाही, हे नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा ठामपणे सांगितले आणि ते योग्यच आहे. तडजोडीच्या अर्जासोबत फिर्यादीचे प्रतिज्ञापत्र लागते आणि दबावाशिवाय संमती दिली का, हे न्यायालय फिर्यादीला विचारते. म्हणून फिर्यादीला कागदावर काय लिहिले आहे ते नीट समजावून सांगावे.

कलम ३६० खाली सरकारी वकील न्यायालयाच्या संमतीने खटला मागे घेऊ शकतात. आता त्यापूर्वी पीडित व्यक्तीला ऐकणे आवश्यक केले आहे. आजी-माजी खासदार आणि आमदारांविरुद्धचे खटले उच्च न्यायालयाच्या परवानगीशिवाय मागे घेता येत नाहीत, असा ऑगस्ट २०२१ चा आदेश आहे.

आदेशानंतर

दोषमुक्तीचा अर्ज फेटाळला गेला, तर कलम ४३८ खाली सत्र किंवा उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज करता येतो. त्याला ९० दिवसांची मुदत आहे. पुनरीक्षण चालू आहे म्हणून खालचे कामकाज आपोआप थांबत नाही, स्थगिती मागावी लागते.

अर्ज मंजूर झाला, तरी दोषमुक्ती आणि निर्दोष सुटका यांचे परिणाम सारखे नसतात. निर्दोष सुटलेल्यावर त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला चालवता येत नाही. दोषमुक्ताला मात्र कलम ३३७ चे हे संरक्षण नसते, नवा पुरावा आल्यास त्याच्याविरुद्ध पुन्हा कारवाई होऊ शकते आणि फिर्यादी किंवा सरकार आदेशाविरुद्ध वर जाऊ शकते. त्यामुळे मूळ कागदांचा संच नष्ट करू नये. आदेशाच्या दोन-तीन प्रमाणित प्रती नक्कल विभागातून लगेच काढाव्यात, जामीनपत्र रद्द करून जामीनदाराला मोकळे करून घ्यावे, जप्त मुद्देमाल आणि जमा केलेले पारपत्र परत मिळण्यासाठी वेगळा अर्ज द्यावा आणि एक प्रत संबंधित पोलीस ठाण्यात देऊन पोच घ्यावी. तेथील नोंद वेळेवर सुधारली गेली नाही, तर नोकरीसाठी किंवा पारपत्रासाठी होणाऱ्या चारित्र्य पडताळणीत तो गुन्हा प्रलंबित म्हणूनच दिसत राहतो.